रविवारी दुकान उघडावे का? आधी वहीला विचारा

प्रश्न थोडक्यात असा आहे. बीड जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी रेडिमेड कपड्यांचे दुकान, वडिलांकडून नुकतेच हाती आलेले. दोन पोरे कामाला. गावातल्या व्यापारी संघटनेने ठराव केला, की पुढच्या महिन्यापासून रविवारी सगळी बाजारपेठ बंद. कुणी उघडले तर अकराशे रुपये दंड. वडील म्हणतात गावाबरोबर राहा. बायको म्हणते एक दिवस तरी घरी थांबा. दुकानदाराला स्वतःला वाटते, नोकरदार गिऱ्हाईक तर रविवारीच येते. कायदा काय म्हणतो आणि धंदा काय म्हणतो, असे विचारले आहे.

आधी त्या अकराशे रुपयांचे बोलू, कारण तेवढ्या भागाचे उत्तर लहान आहे. संघटनेला दंड लावायचा अधिकार नाही. वर्गणी मागेल, विनंती करेल, गणपतीत जास्तीची पावती फाडायला लावेल; पण दुकान उघडले म्हणून पैसे वसूल करणे कोणत्याही कायद्यात बसत नाही. धंदा करण्याचा हक्क घटनेच्या १९ व्या कलमात आहे. त्याला लगाम घालायचा तर सरकारने कायदा करून घालायचा, चौकातल्या बैठकीने नाही. हे मी अशाच एका संघटनेचा सहा वर्षे सचिव राहून सांगतो आहे. आम्हीही एकदा दंडाचा ठराव केला होता. वसूल एक रुपया झाला नाही. तीन घरांचे एकमेकांशी बोलणे मात्र बंद झाले, त्यातले एक माझ्या मेहुण्याचे.

माझे दुकान लातूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी आहे. साड्या, कापड आणि लग्नाचे बस्ते. छत्तीस वर्षे गादीवर बसलो. आता मुलगा बसतो, मी दुपारचा गल्ला सांभाळतो आणि त्याच्या चुका मोजतो.

कायद्याचे आता. पूर्वी १९४८ चा मुंबई दुकाने व आस्थापना कायदा होता. दुकान किती वाजता उघडायचे, किती वाजता मिटायचे आणि आठवड्यातला कोणता वार बंद, हे सगळे त्यात बांधलेले. आमचा बंदचा वार रविवार. शॉप इन्स्पेक्टर कधीतरी जिल्ह्याहून यायचा, आणि तो स्टँडवर उतरल्याची बातमी त्याच्या आधी पेठेत पोचायची. एका मे महिन्यात, भर लग्नसराईत, ती पोचली नाही. रविवार होता. शटर अर्धे ओढलेले, आत एका मोठ्या घरचा बस्ता चालू. इन्स्पेक्टर आला, शटरपुढे उभा राहिला आणि पायरीवर बघत बसला. पायरीवर बावीस जोड चपला. लहान पोरांच्या, म्हाताऱ्यांच्या, एक जोड तर नवी कोरी कोल्हापुरी. त्याने वाकून शटरखालून विचारले, "शेठ, आत लगीन लागलंय का?" केस झाली, तारखेला जाऊन दंड भरला. चूक आमचीच होती, तक्रार नाही. त्या दिवसापासून रविवारचा बस्ता असला की चपला आधी आत घ्यायच्या, एवढी अक्कल आली.

आज ती वेळ येणार नाही. २०१७ चा महाराष्ट्र दुकाने व आस्थापना कायदा १९ डिसेंबर २०१७ पासून लागू झाला आणि बंदच्या वाराची सक्ती गेली. दुकान वर्षाचे ३६५ दिवस उघडे ठेवता येते. १ ऑक्टोबर २०२५ च्या शासन निर्णयाने तर चोवीस तास उघडे ठेवता येते हेही स्पष्ट केले, दारूची दुकाने आणि परमिट रूम वगळून. म्हणून कुणी तुम्हाला सांगत असेल की "रविवार बंद हा कायदाच आहे", तर तो १९४८ च्या कायद्यातून अजून बाहेर आलेला नाही.

पण ह्याच कायद्याची दुसरी बाजू लोक सांगत नाहीत. दुकान सातही दिवस उघडे चालेल, माणूस सातही दिवस राबलेला चालणार नाही. प्रत्येक कामगाराला आठवड्यात सलग चोवीस तासांची सुट्टी द्यायची. ती चुकली तर दोन महिन्यांच्या आत बदली सुट्टी. कायदा झाला तेव्हा दिवसाचे काम नऊ तास, आठवड्याचे अठ्ठेचाळीस, त्यावर जाईल त्याला दुप्पट मजुरी. आणि इथे एक मेख आहे. हा कायदा केला तेव्हा तो दहा किंवा जास्त कामगार असलेल्या दुकानांना लागू केला. त्याहून लहान दुकानाने नुसती ऑनलाइन माहिती द्यायची आणि पावती घ्यायची. २०२५ च्या सप्टेंबरात राज्य मंत्रिमंडळाने दहाचा आकडा वीस आणि दिवसाचे नऊ तास दहा करायलाही मान्यता दिली. तुमच्याकडे दोन पोरे. आमच्या पेठेत दहा माणसे कामाला असलेली दुकाने मला एका हाताच्या बोटांवर मोजता येतील. म्हणजे तालुक्याच्या बाजारपेठेत शटर उघडायची मोकळीक सगळ्यांना मिळाली, आणि तिच्याबरोबर सुट्टीची जी हमी आली ती बहुतेक दुकानांच्या बाहेरच थांबली. किमान वेतनाचे नियम लहान दुकानालाही लागतात आणि सात दिवसांत एक दिवस विश्रांती हे तत्त्व त्यांतही आहे. म्हणून "आपल्याला काही लागू नाही" असे समजू नका. पण ते बघायला तुमच्या दुकानात कुणी येईल अशी आशाही धरू नका. ते तुम्हालाच बघायचे आहे.

तुमच्या संघटनेतले लोक म्हणत असतील, रविवार ही बापजाद्यांची सुट्टी. माझे वडील निजामाच्या राज्यात शाळेत गेले. तेव्हा कचेऱ्यांना सुट्टी शुक्रवारची असे. १९४८ च्या सप्टेंबरात हैदराबाद संस्थान भारतात आले आणि मग इकडे रविवार आला. म्हणजे मराठवाड्याच्या कचेरीचा रविवार ऐंशी वर्षांचाही नाही. मुंबईकडे तो आधी आला तोही कुणी आपण होऊन दिलेला नव्हता. नारायण मेघाजी लोखंडे ह्या सत्यशोधक माणसाने १८८४ मध्ये गिरणी कामगारांची संघटना उभी केली, सहा वर्षे मागणी लावून धरली, तेव्हा १८९० मध्ये रविवारची सुट्टी मिळाली. रविवार हा खंडोबाचा वार, त्या दिवशी कामगाराला देवाला जाता आले पाहिजे, हे त्यांच्या मागणीतले एक कारण होते. आपल्याकडे माळेगावच्या आणि अणदूरच्या खंडोबाला जाणारी घरे गल्लोगल्ली आहेत, त्यामुळे ते मला पटकन कळते. पण लोखंड्यांनी सुट्टी मागितली ती कामगाराला. गिरणीचा दरवाजा बंद हवा म्हणून नाही, दरवाजाच्या आतल्या माणसाला बाहेर यायला मिळावे म्हणून. आमच्या बैठकांत हा फरक कुणी करत नाही.

आता धंदा. तुम्ही म्हणता नोकरदार गिऱ्हाईक रविवारी येते. छत्रपती संभाजीनगरात येते, नांदेडला येते, लातूरला येते. संभाजीनगरात जाफर गेटचा आठवडी बाजारच रविवारचा. लातूरला शिकवणीच्या पोरांना थोडी मोकळीक मिळते ती रविवारी, आणि गंजगोलाईच्या सोळा रस्त्यांपैकी निम्म्यांवर तीच दिसतात. तालुक्याच्या गावाचे गणित निराळे. खेड्यातला माणूस नुसता शर्ट घ्यायला तालुक्याला येत नाही. तो तहसीलला सातबाऱ्याच्या कामाला येतो, बँकेत येतो, पंचायत समितीत घरकुलाची चौकशी करायला येतो, डॉक्टरकडे येतो, आणि मग एसटीला तासभर आहे म्हणून आपल्या पायरीवर चढतो. रविवारी तहसील बंद, बँक बंद. २९ फेब्रुवारी २०२० पासून सरकारी कचेऱ्यांना पाच दिवसांचा आठवडा झाला, म्हणजे शनिवारही गेला. बँका दुसऱ्या आणि चौथ्या शनिवारी बंद असतात, त्याला दहा वर्षे होऊन गेली. तहसीलचे कर्मचारी शुक्रवारी संध्याकाळी जिल्ह्याच्या गावी घरी जातात ते सोमवारीच उगवतात. मग तुमचे नोकरदार गिऱ्हाईक रविवारी आहे कुठे? ते जिल्ह्याच्या दुकानात आहे, किंवा मोबाइलवर.

ह्याला एक मोठा अपवाद आहे, आणि त्या अपवादावर माझे घर उभे आहे. बस्ता.

तुम्ही रेडिमेडवाले, तुम्हाला कल्पना असेल, तरी सांगतो. बस्त्याला दोन्ही घरची माणसे लागतात. नवरीचा मामा जिल्हा परिषदेच्या शाळेत गुरुजी, त्याला शनिवारी सकाळची शाळा. नवरदेवाचा भाऊ पुण्यात कंपनीत, तो शनिवारी रात्री ट्रॅव्हल्समध्ये बसतो, रविवारी पहाटे उतरतो आणि रविवारी रात्रीच्या ट्रॅव्हल्सने परत. ह्या सगळ्यांना एका गादीवर बसवणारा वार एकच. सकाळी दहाला दोन जीप येतात. आधी शालू. नवरीची आजी कुणाशी बोलत नाही, अंगठा जिभेला लावते आणि पदराच्या टोकावर घासते. रंग लागला की साडी बाजूला, मग ती साडेआठ हजारांची का असेना. शालू ठरायला दोन तास. मग मानपान : मामाचा पोशाख, आत्याचे पातळ, करवल्यांचे ड्रेस, वऱ्हाडाला टॉवेल-टोपी, आहेराच्या साड्या डझनावर. मध्ये तीन चहा. कुणीतरी रुसते, ते दर वेळी वेगळे असते. चारच्या सुमाराला भाव होतो, पाचला गाठोडे बांधून, हळदीकुंकू वाहून, नारळ ठेवून बस्ता जीपमध्ये जातो. एका चांगल्या बस्त्याची बेरीज आमच्याकडे साध्या महिन्यातल्या आठवड्याच्या विक्रीएवढी होते. हे गिऱ्हाईक रविवारी "बंद आहे, उद्या या" म्हटल्यावर उद्या येत नाही. ते लातूरला जाते, आणि एकदा लातूरला गेलेले घर पुढची तीन लग्ने लातूरलाच करते.

म्हणून मी संघटनेत रविवार-बंदच्या विरुद्ध बोलणारा माणूस होतो. पुढे काय झाले ते ऐका.

नवा कायदा आला आणि आमच्या समोरच्या दुकानाने रविवारी शटर वर केले. आमची दुकाने अठरा फुटांच्या रस्त्याच्या दोन काठांना, गादीवरून एकमेकांचा गल्ला दिसतो. पुढच्या रविवारी मीही उघडले. तो नऊला उघडायचा, मी साडेआठला. तो रात्री नऊपर्यंत, मी साडेनऊपर्यंत. दोन वर्षे असे चालले. नऊ किलोमीटरवर आमचे चार एकर रान आहे. त्या दोन वर्षांत मी ते येळवस, म्हणजे आमच्याकडची रानात जायची अमावास्या, सोडून दिवसाउजेडी पाहिले नाही. सालगडी फोनवर सांगायचा, मालक, तूर फुलात आली, आणि मी इकडे रिकाम्या दुकानात बसून समोरच्याच्या दारात किती चपला आहेत ते मोजायचो. इन्स्पेक्टरने शिकवलेली विद्या.

दुसऱ्या दिवाळीनंतर मुलाने बिलबुके काढली आणि वारवारी मांडणी केली. त्या आकड्यांनी माझे तोंड बंद झाले. रविवारी बिले फाटत होती, नाही असे नाही. पण जेवढी रविवारी फाटत होती, जवळपास तेवढीच शनिवारी आणि सोमवारी कमी झाली होती. सहा दिवसांचे गिऱ्हाईक सात दिवसांवर पसरले होते, वाढले नव्हते. वाढले होते ते फक्त दोन काळांत : घटस्थापनेपासून दिवाळीपर्यंत, आणि तुळशीच्या लग्नानंतर मे संपेपर्यंत ज्या महिन्यांत मुहूर्त आहेत तेव्हा. मृगापासून पोळ्यापर्यंत रविवार म्हणजे नुसते वीजबिल. आणि ते साहजिक आहे. मृग लागला की खेड्यातला पैसा बियाण्यात आणि खतात जातो, कापडात येत नाही. पोळ्याला थोडा हलतो, पितृपक्षात नवे कापड कुणी घेत नाही, आणि सोयाबीन मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, उतरू लागले की मग खिशात येतो. आम्हा मराठवाड्यातल्या दुकानदारांना पगाराची एक तारीख नसते, आडत्याची पट्टी असते, म्हणजे शेतमाल विकल्याचा हिशेब.

नोकराच्या सुट्टीवर कायदा बोलतो, पण गल्ल्यावर बसलेल्या मालकाच्या सुट्टीवर कुणीच बोलत नाही. मॉलला हा प्रश्न नाही. तिथे तीन मॅनेजर पाळीपाळीने येतात. तुमच्या-माझ्या दुकानात मालक एक, आणि तो उठला की गल्ला उघडा. मालकाला सुट्टी मिळायची तर समोरच्यालाही त्याच दिवशी सुट्टी हवी, नाहीतर तो घरी बसून समोरच्याची विक्री मनात मोजतो. संघटनेचा रविवार-बंद असतो तो ह्यासाठी. नाव नोकरांचे, सोय मालकांची. हे मी टोमणा म्हणून सांगत नाही. ही सोय खरोखर लागते, फक्त ती आपली आहे असे बैठकीत उघड म्हणावे. तुमच्या पत्नी जे म्हणतात तेच संघटना म्हणते आहे. तुमच्या पत्नी दंड लावत नाहीत एवढेच.

समोरच्या शेठकडे शेवटी मीच गेलो. एवढी वर्षे समोरासमोर असून त्याच्या गादीवर चहा घेण्याची ती तिसरी वेळ असेल. त्याने आधी विचारले, "तुमची वही काय म्हणते?" मी मुलाचा कागद पुढे केला. त्याने खणातून त्याचा कागद काढला. त्याच्या जावयाने तीच मांडणी केली होती. मग बोलायला फार उरले नाही. मृग ते पितृपक्ष आणि मुहूर्त नसलेल्या महिन्यांत दोघांचेही रविवारी बंद. बस्त्याच्या आणि दिवाळीच्या हंगामात दोघांचेही उघडे, पण संध्याकाळी सहापर्यंत. बस्ता चालू असेल तर तो संपेपर्यंत. पेठेतल्या आणखी चार कापडवाल्यांना सांगितले. तिघे आले, एक आला नाही. न येणाऱ्याला आम्ही काही म्हटले नाही. पुढच्या पावसाळ्यात तो आपोआप बंद ठेवू लागला, कारण बाकी पेठ बंद असताना एकट्या दुकानासाठी गिऱ्हाईक कापडपेठेत शिरत नाही.

मध्ये करोना आला. २०२१ मध्ये शनिवार-रविवारची टाळेबंदी लागली तेव्हा माझे एक मत बदलले. तोपर्यंत मी म्हणायचो, सगळ्यांचे बंद असले की गिऱ्हाईक नुसते पुढे सरकते, जात नाही. बस्त्यांचे तसेच झाले. लोक आडवारी आले. पण घरातल्या पोरांचे टीशर्ट, लेगिंग, चादरी ही फुटकळ खरेदी त्या महिन्यांत मोबाइलवर गेली ती पूर्ण परत आली नाही. तुमचा माल नेमका हाच आहे. म्हणून रेडिमेडवाल्याने कापडवाल्याचा नियम डोळे झाकून उचलू नये. तुमचा रविवार माझ्यापेक्षा थोडा जास्त उघडा असावा असे मला वाटते, विशेषतः शाळा उघडायच्या आधीचे दोन-तीन आठवडे.

आणि सगळ्या पेठेला एकच नियम, हे तर मला मुळीच पटत नाही. कृषी सेवा केंद्राचे उदाहरण घ्या. जूनमध्ये शनिवारी रात्री पाऊस झाला, रविवारी ऊन पडले, सोमवारी वापसा येतो, म्हणजे रान पेरणीजोगे होते. शेतकऱ्याला बियाणे रविवारीच हातात हवे. मंगळवारी पुन्हा पाऊस आला तर पेरणी हुकली. तुमच्या ठरावात कृषी केंद्रे आली असतील तर तो ठराव निदान खरिपापुरता मोडायला हवा, आणि बैठकीत हे तुम्हीच उठून सांगा. केशकर्तनवाल्याचा आणि मटणवाल्याचा आठवडा तर रविवारवरच चालतो. त्यांना रविवार बंद म्हणणे म्हणजे वारकऱ्याला एकादशीला घरी बस म्हणण्यासारखे. औषध दुकानांनी आपसात पाळी लावावी. मोंढ्याचे तर सगळेच वेगळे; तिथे हमाल आणि मापाडी नसतील तर काटा हलत नाही, काही ठिकाणी अमावास्येलाही बंद असतो, आणि ते त्यांचे ते ठरवतात.

एक गोष्ट ठरावात कुणाच्या लक्षात येत नाही. रविवारी आमच्या बंद शटरांपुढे पायऱ्यांवर पथारीवाले बसायचे. ऐंशी रुपयांची बनियन, शंभराचे गाऊन, पोरांच्या चड्ड्या. आठवड्यातला त्यांचा मोठा दिवस तो. आम्ही रविवारी उघडू लागलो तेव्हा त्यांना नाल्याकडच्या वळणावर सरकावे लागले. तिथे कोण जातो? त्यातल्या एका मावशीने मला तोंडावर सांगितले, "शेठ, सा दिवस तुमचेच हैत की. येक आमचा व्हता." पावसाळ्यातले रविवार बंद झाले तशी ती परत पायरीवर आली. ठराव करताना तिची बाजू मांडणारे कुणी नसते, म्हणून इथे लिहून ठेवतो.

माझा भाचा जर्मनीत आहे. तो सांगतो, तिकडे रविवारी दूध संपले तर शेजाऱ्याकडे मागायचे किंवा रेल्वे स्टेशन गाठायचे. रविवारची विश्रांती तिथे घटनेतच लिहिलेली आहे. ब्रिटनमध्ये १९९४ च्या कायद्याने इंग्लंड-वेल्समधल्या मोठ्या दुकानांना रविवारी फक्त सहा तास दिले, लहान दुकाने मात्र मोकळी सोडली. दुसरी युक्ती मला आवडते. मोठ्याला लगाम, लहान आपला मुखत्यार. पण तिकडचा वाद चर्चचा, कामगार संघटनांचा आणि मॉलचा. आपल्या तालुक्यात चाळीस कापडवाले, बारा भांडेवाले, आणि सगळ्यांचे गिऱ्हाईक एकाच एसटीतून उतरणारे.

तुमच्या दोन पोरांचे सांगतो, कारण त्याबद्दल तुम्ही फक्त अर्धी ओळ लिहिली आहे. त्यांना विचारले का? आमच्याकडे एक पोरगा मुसलमान आहे, त्याला रविवार नको होता, शुक्रवार हवा होता. दुसऱ्याची बायको अंगणवाडीत, त्याला रविवारच हवा. तिसरे जुने मामा, एकोणीस वर्षांपासून आमच्याकडे; त्यांनी मंगळवार मागितला, कारण मंगळवारी त्यांच्या गावचा बाजार आणि शेळ्या विकायच्या असतात. तिघांचे तीन वार. आमचा बाजार बुधवारी, त्या दिवशी कुणालाच सुट्टी नाही, हे आधीच ठरलेले. तुमच्याकडे शुक्रवार मागणारा पोरगा असेल तर दुकान रविवारी बंद असते त्या महिन्यांत त्याचा शुक्रवार काढून घेऊ नका. त्याला जुम्म्याच्या नमाजापुरते तरी सोडा आणि त्याचे पैसे कापू नका. हंगामात रविवारी बोलावले तर बदली सुट्टी त्याच पंधरवड्यात द्या. दोन महिन्यांची मुभा मोठ्या दुकानांच्या कायद्यात आहे, पण दोन महिन्यांनी कुणाला आठवते? पाटीवर लिहून ठेवा, त्यांच्या समोर.

आमच्याकडे एक दिवस असा आहे, की ठराव नाही, दंड नाही, इन्स्पेक्टर नाही, आणि पेठेत एक शटर उघडे नसते. येळवस. मार्गशीर्षातल्या त्या अमावास्येला लातूर-धाराशिवकडची गावे ओस पडतात, सगळे रानात. आंबील, भज्जी, उंडे. ज्याला रान नाही तो दुसऱ्याच्या रानात. त्या दिवशी गिऱ्हाईकही रानातच असते, म्हणून कुणाला समोरच्याची धास्ती नसते. तुमच्या बीडकडच्या भागात येळवस एवढी नसेल, पण तुमच्या गावालाही असा दिवस असणार : ग्रामदैवताची यात्रा, उरूस, काहीतरी. संघटनेला पहिला ठराव करायचाच असेल तर तो त्या दिवसाचा करा म्हणावे. तो मोडणारा भेटणार नाही, आणि मोडला न जाणारा एक ठराव हाती असला की पुढचे बोलणे सोपे जाते.

तोवर तुम्ही एवढे करा. गेल्या वर्षीची बिलबुके घ्या, बावन्न रविवार वेगळे काढा, आणि प्रत्येकाच्या मागचा शनिवार आणि पुढचा सोमवार शेजारी लिहा. दोन संध्याकाळचे काम आहे; वडिलांना शेजारी बसवा, कोणत्या रविवारी यात्रा होती, कोणत्या रविवारी पाऊस होता, ते त्यांना आठवेल. तो कागद घेऊन आधी तुमच्या समोरच्या दुकानात जा, बैठकीत नंतर. आणि शटरवर पाटी रंगवाल तेव्हा तिच्यावर नुसते "रविवारी बंद" लिहू नका. कोणत्या महिन्यांत बंद ते लिहा, खाली फोन नंबर टाका, आणि त्याखाली : लग्नाच्या खरेदीसाठी आदल्या दिवशी कळवावे. रंगाऱ्याला शेवटची ओळ मोठ्या अक्षरात काढायला सांगा.